एका वाक्याची भूमिका

मला रिफात बेंचा हेवा वाटायचा. आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढे मी त्यांच्याविषयी काही चांगलं लिहिलं तर ते माझ्याकडून नाइलाजाने लिहिलं गेलंय हे लक्षात राहील. माणूस म्हणून वाटायचा, शेजारी म्हणून वाटायचा, आणि नट म्हणून तर इतका वाटायचा की त्यांच्या दारावरून जाताना माझं पोट दुखायचं.

यंदा आमच्या मंडळाच्या दिवाळीच्या नाटकात मी काम करत नाही. अकरा वर्षांत पहिल्यांदाच. विंगेत बसून प्रॉम्प्टिंग करणार आहे. लोकांना वाटतं माझं बायकोशी, म्हणजे आमच्या दिग्दर्शिकेशी, वाजलंय. तसं काही नाही. कारण रिफात बे आहेत, आणि ते मी अजून कुणालाही सांगितलेलं नाही.

क्वीन्सटाउनमधल्या आमच्या ब्लॉकमध्ये ते आमच्या शेजारच्या फ्लॅटमध्ये राहायला आले. त्यांची मुलगी एलिफ अलेक्झांड्रा रोडवरच्या एका कंपनीत आहे. तिने वडिलांना अंकाऱ्याहून आणलं. वय शहात्तर, अंगाने सडपातळ, रोज इस्त्रीचा पांढरा शर्ट. पहिल्याच दिवशी आमची बेल वाजवून म्हणाले, "रिफात. नट. रिटायर." बास. मी अकरा वर्षं या शहरात आहे, पण माझी ओळख मला कधी तीन शब्दांत करून देता आलेली नाही. कंपनी, डिपार्टमेंट, एम्प्लॉयमेंट पास आणि मग पुण्यात कॉलेजमध्ये असताना एकांकिका स्पर्धेत मिळालेलं अभिनयाचं उत्तेजनार्थ बक्षीस, एवढं सगळं सांगितल्याशिवाय माझं मलाच पटत नाही.

'बे' म्हणजे त्यांच्याकडचं आपल्या 'राव'सारखं. त्यांच्या हातात लिंबाच्या वासाच्या कोलोनची एक बाटली असायची, त्या कोलोनला ते कोलोन्या म्हणत. घरी कुणीही आलं की आधी त्याच्या ओंजळीत ते ओतायचं. आपल्याकडे लग्नात गुलाबपाणी शिंपडतात, पण ते कोपऱ्यात उभी केलेली एखादी कंटाळलेली मावशी शिंपडते. रिफात बे ते ओतायचे तेव्हा समोरच्याला वाटायचं की आपण या घरात यावं म्हणून हा माणूस सकाळपासून खोळंबलाय. मी मात्र मनात म्हणायचो, अभिनय आहे सगळा. आणि तो अभिनयच होता. माझा त्रासच तो होता.

खालच्या हॉकर सेंटरमध्ये, म्हणजे खाण्याच्या स्टॉलच्या मंडईत, कोपी म्हणजे इथली कॉफी देणारा एक म्हातारा अंकल आहे. अकरा वर्षं मी त्याच्याकडून कोपी घेतोय, त्याने कधी मान वर केली नाही. रिफात बे आल्यावर आठव्या दिवशी तो काउंटर सोडून बाहेर आला आणि कप त्यांच्या टेबलावर ठेवून गेला. मी विचारलं, "तुम्ही याला काय सांगितलंत?"

"काही नाही," ते म्हणाले. त्यांचं इंग्रजी क्रियापदं गाळत गाळत चालायचं. "तो कोपी उंचावरून ओततो. छान. मी बघतो. त्याला कळतं, प्रेक्षक आला."

मी नाटक करतो हे कळल्यावर ते मला 'मेस्लेक्ताश' म्हणायला लागले. त्याचा अर्थ एकाच धंद्यातला, हमपेशा. मी दोन दिवस हवेत होतो. अंकाऱ्याच्या सरकारी रंगभूमीवर उभा जन्म काढलेला, ढीगभर सिनेमे केलेला माणूस मला हमपेशा म्हणतो! घरी बायकोला, मृणालला, तीनदा सांगितलं. तिसऱ्या दिवशी त्यांनी त्या कोपी अंकललाही तसंच म्हटलेलं मी ऐकलं, आणि जमिनीवर आलो.

सिनेमातलं त्यांचं काम ठरलेलं होतं. ते नायकाचे थोरले भाऊ असत आणि सुरुवातीलाच मरत. मग उरलेला सिनेमाभर नायक सूड घेत फिरे. त्यांच्या गावच्या थिएटरात त्यांची आई शेजारणींना घेऊन प्रत्येक सिनेमा बघायला जायची आणि वीस मिनिटांनी उठून घरी यायची. "माझ्या मुलाचा सिनेमा संपला," म्हणायची. पुढे कोण जिंकलं याची चौकशी तिने जन्मात केली नाही. एकदा एका दिग्दर्शकाने त्यांना शेवटपर्यंत जिवंत ठेवलं. आई सवयीने विसाव्या मिनिटाला उठली आणि घरी येऊन नेहमीप्रमाणे रडली.

हे सांगताना त्यांनी आमच्या सोफ्यावरून उठून आईचं ते उठणं करून दाखवलं. फक्त उठणं. गुडघ्यावर हात, डोक्यावरचा रुमाल सारखा करणं, शेजारणीला कोपराने 'चल' म्हणणं. माझी मुलगी रेवा तेव्हा सतरा वर्षांची होती. ती हसत होती, आणि एकदम तिने डोळे पुसले. ही तीच मुलगी, जी माझ्या नाटकाच्या तालमीला कधी खाली उतरली नव्हती. "बाबा, यू ऑलवेज सो ड्रामा ला," हे तिचं माझ्याविषयीचं एकमेव समीक्षण. आता ती त्यांना 'देदे' म्हणजे आजोबा म्हणायला लागली आणि रोज संध्याकाळी त्यांच्याबरोबर तालमीला येऊन बसायला लागली.

आमच्या तालमी ब्लॉकच्या तळमजल्यावरच्या मोकळ्या जागेत, व्हॉइड डेकवर व्हायच्या. रिफात बे चहाचा छोटासा कमरेत निमुळता ग्लास घेऊन खांबाजवळच्या दगडी स्टुलावर बसत. मराठीचं एक अक्षर कळत नसे. पण तालीम संपली की कोण कुठे खोटं बोललं ते बरोबर सांगत. मला एकदा म्हणाले, "तू रडतोस तेव्हा आधी बघतोस, लाइट कुठे." व्हॉइड डेकवर लाइट कसले, एक ट्यूब. पण मी तिच्याकडे बघत होतो, हे खरं होतं. मृणाल जोरजोरात मान हलवत म्हणाली, "अगदी बरोबर! दहा वर्षं मला हेच सांगायचं होतं, शब्द सापडत नव्हते." माझ्या अंगाचा तीळपापड झाला.

गेल्या वर्षीचं नाटक मृणालनेच लिहिलं होतं. परदेशात राहिलेला मुलगा चार दिवसांसाठी घरी येतो आणि आपण आता परत येणार नाही हे वडिलांना सांगतो. वडील अर्धांगवायूने खुर्चीला खिळलेले, वाचा गेलेली. समोर स्टुलावर ताट झाकून ठेवलेलं. शेवटी मुलाचं लांबलचक भाषण, तो वडिलांच्या मांडीवर डोकं ठेवतो, उठतो, बॅग उचलतो, दारापर्यंत जातो, आणि नाटकभर गप्प असलेले वडील दोनच शब्द बोलतात. "जेवून जा." पडदा.

मुलगा अर्थातच मी. असं भाषण मिळावं म्हणून मी कॉलेजपासून वाट बघत होतो. मृणालने ते माझ्यासाठीच लिहिलं होतं, आणि माझ्या मनात ते नाटक म्हणजे ते भाषण होतं. बाकी सगळं नुसती सजावट.

प्रयोगाला तीन आठवडे असताना वडिलांचं काम करणाऱ्या देशमुखांची सिडनीला बदली झाली. मृणालने माझ्याकडे बघितलं, मग खांबाजवळच्या स्टुलाकडे बघितलं.

"अगं, त्यांना मराठी येत नाही," मी म्हणालो.

"सुधीर, दोन शब्द आहेत."

"उच्चार चुकला तर लोक हसतील. कापून टाक ते वाक्य."

"त्या वाक्यासाठी नाटक लिहिलंय मी," मृणाल म्हणाली. नाटक तिने माझ्या भाषणासाठी लिहिलं नव्हतं, हे मला तेव्हा कळलं.

रिफात बे खुर्चीत बसले आणि पहिल्याच तालमीत माझं भाषण संपलं. म्हणजे मी ते बोलत होतो, पूर्ण बोललो, पण सगळे त्यांच्याकडे बघत होते. ते काही करत नव्हते. उजवा हात मेलेला, डावा मांडीवर, आणि ऐकणं. एक शब्द न कळणारा माणूस इतकं ऐकू शकतो हे मी त्याआधी पाहिलं नव्हतं. नट मंडळी ज्याला 'भाव खाऊन गेला' म्हणतात, ते त्यांनी बसल्या जागी केलं. आणि मी पाठमोरा, त्यांच्या पायाशी.

मग एका रविवारी दुपारी त्यांनी मला एकट्याला घरी बोलावलं. एलिफ सामान आणायला मुस्तफा सेंटर नावाच्या दुकानात गेली होती. त्यांनी कोलोन्या ओतलं, चहा दिला, आणि चहाच्या डब्याच्या झाकणात आतून चिकटवलेला कागद दाखवला. त्यावर त्यांच्या लिपीत 'जेवून जा' लिहिलं होतं. तसाच कागद बाथरूमच्या आरशावर, तसाच चष्म्याच्या डबीत.

"रोज पाठ करतो," ते म्हणाले. "रोज जातं."

मी म्हणालो, परकी भाषा आहे, होणारच.

"भाषा नाही. तुर्कीपण जातं." त्यांनी स्वतःच्या कपाळावर बोट ठेवलं. सात वर्षांपूर्वी अंकाऱ्यात, भर प्रयोगात, शंभरदा केलेल्या नाटकातलं वाक्य गेलं ते आलंच नाही. पूर्वी रंगमंचाच्या तोंडाशी एक खोकं असे, त्यात प्रॉम्प्टर बसे. ती खोकी तोवर काढून टाकलेली होती. ते तसेच उभे राहिले, आणि दुसऱ्या दिवशी त्यांनी राजीनामा दिला. लोकांना सांगितलं, गुडघे दुखतात.

"एलिफला माहीत नाही किती. मॅडमला पण सांगू नको," म्हणाले. "तू माझा प्रॉम्प्टर. डोकं इथे ठेवतोस ना, मांडीवर? तेव्हा हळूच सांग. मग तू उठतो, बॅग घेतो, चालतो. मी मोजलं. आठ पावलं. आठ पावलं मी धरून ठेवतो. एकदाच, मेस्लेक्ताश. एकदाच मला माझं वाक्य नीट बोलायचं आहे. मग बस."

मी त्यांचा हात हातात घेतला आणि हो म्हणालो. मनापासून म्हणालो असं मला तेव्हा वाटलं. उरलेल्या सगळ्या तालमींत मी मांडीवर डोकं ठेवून कुजबुजलो, आणि आठव्या पावलाला पाठीमागून ते दोन शब्द आले. दर वेळी मृणालच्या डोळ्यांत पाणी. माझ्या भाषणाला एकदाही नाही.

प्रयोगाच्या दिवशी सकाळी मी लिटिल इंडियातून हार आणि नारळ आणले. हॉलच्या नियमाप्रमाणे स्टेजवर नारळ फोडता येत नाही, म्हणून दर वर्षी आम्ही तो मागे कारपार्कच्या गटारीपाशी फोडतो आणि प्रसाद आत आणतो. नटराजाच्या तसबिरीला हार घातला, एकेकाने घाईघाईत रंगमंचाला हात लावून कपाळाला लावला. रिफात बे बघत होते. मग ते कष्टाने गुडघ्यांवर बसले, दोन्ही तळवे फळ्यांवर टेकवले, फळ्यांचं चुंबन घेतलं आणि कपाळ टेकलं. त्यांच्याकडे वडीलधाऱ्यांच्या हाताचं असं चुंबन घेऊन तो हात कपाळाला लावतात. इतका वेळ गडबड करणारे आमचे सगळे नट मागे सरकून बघायला लागले. मी स्वतः पुन्हा एकदा रंगमंचाला हात लावला, पण आता ते नक्कल केल्यासारखं झालं.

हॉल भरलेला होता. माझं भाषण चांगलं झालं. मी आजवर इतकं चांगलं बोललो नव्हतो. मधूनमधून प्रेक्षकांतून नाक ओढल्याचे आवाज येत होते आणि मी क्षणभर फुललो. मग लक्षात आलं, मी त्यांना पाठमोरा आहे. त्यांना माझा चेहरा दिसतच नाहीये. ते कुणाकडे बघून रडतायत ते मला समोर दिसत होतं.

मी डोकं मांडीवर ठेवलं. लिंबाचा वास आला. त्यांच्या डाव्या हाताची बोटं माझ्या केसांवर होती. आता सांगायचं. दोन शब्द.

मी सांगितले नाहीत.

विसरलो नव्हतो. घाबरलो नव्हतो. मला वाटलं, एकदा, फक्त एकदा या माणसाला काही जमू नये. त्यांच्या बोटांनी माझ्या डोक्यावर हलकेच टकटक केलं. पुन्हा केलं. मी उठलो, बॅग उचलली आणि चालायला लागलो. आठ पावलं इतकी लांब असतात हे मला माहीत नव्हतं.

दारात वळून बघितलं. त्यांच्या चेहऱ्यावर भीती होती, आणि ती भूमिकेतली नव्हती. ती बघितल्यावर मला जो आनंद व्हायला हवा होता तो झाला नाही. मी तिथूनच तोंड उघडलं, पण आता बोललो असतो तर शेवटच्या रांगेपर्यंत गेलं असतं.

तेवढ्यात त्यांचे डोळे स्टुलावरच्या ताटाकडे गेले. डावा हात हळूहळू उठला. झाकण सरकलं, खाली पडलं, खणखणत गोल फिरत राहिलं. झाकण थांबेपर्यंत रिफात बे थांबले. मग एका हाताने, बोटांनी दाबून दाबून, त्यांनी पोळीचा तुकडा तोडला, भाजीला लावला आणि तो घास माझ्या दिशेने धरला. हात खाली येईना. पडदा ओढणारा रडत होता, त्यामुळे पडदाही येईना.

मला परत जावं लागलं. बॅग दारातच राहिली. आठ पावलं चालून मी गुडघ्यांवर बसलो आणि त्यांच्या हातचा घास खाल्ला. मला हुंदका आवरेना. लाइट कुठे आहे ते त्या वेळी मला ठाऊक नव्हतं. लोक उभे राहिले.

नंतर मेकअप रूममध्ये गर्दी झाली. मृणालने विचारलं, "वाक्य का नाही बोललात?" रिफात बे म्हणाले, "विसरलो. म्हातारा माणूस. सॉरी, मॅडम." ती म्हणाली, हे माझ्या वाक्यापेक्षा चांगलं होतं. रेवा त्यांच्या गळ्यात पडली, आणि मग माझ्याही पडली. "बाबा, टुडे यू नो ड्रामा. टुडे रिअल," म्हणाली. एवढी वर्षं ज्याच्यासाठी जीव टाकला ते माझ्या वाट्याला आलं, ते असं.

सगळे पांगल्यावर त्यांनी मला हाक मारली, माझ्या ओंजळीत कोलोन्या ओतलं. मी म्हणालो, "रिफात बे, मी मुद्दाम..."

"माहीत आहे," ते म्हणाले. "पोळी गार होती. वाईट."

मग खुर्चीत टेकून सांगायला लागले. "मी अठरा वर्षांचा. पहिली नोकरी, खोक्यात. प्रॉम्प्टर. वर एक मोठा नट, सगळ्या बायका त्याच्यासाठी वेड्या. एका प्रयोगात तो वाक्य विसरला. माझ्याकडे बघितलं. माझ्या बोटाखाली ते वाक्य. मी गप्प."

"मग? त्याने काय केलं?"

"काही नाही. नुसता उभा. चांगला नट नव्हता." ते हसले. "पुढच्या महिन्यात त्याचं काम मला मिळालं. असं सुरू झालं माझं करिअर. नंतर खूप वर्षं मी प्रत्येक प्रयोगात त्या खोक्याकडे बघायचो. आत कोण बसलंय, त्याचा चेहरा कसा आहे." त्यांनी माझा चेहरा दोन्ही हातांनी धरून नीट पाहिला. "असा," म्हणाले.

रागावले असते तर मला सोपं गेलं असतं. पण ते रागावलेही नाहीत. तेवढ्यातही ते माझ्यापेक्षा वरचढ ठरले.

त्यानंतर त्यांच्या आठवणीतलं झपाट्याने गेलं. आधी लिफ्टचा मजला गेला, मग कोपी अंकल गेला, मग आम्ही. एलिफने अखेर त्यांना घेऊन अंकाऱ्याला परत जायचं ठरवलं. जुन्या ओळखीच्या लोकांत राहिले तर बरं, असं डॉक्टर म्हणाले. मार्चमध्ये एका सकाळी टॅक्सी खाली उभी राहिली. मृणाल आणि रेवा एलिफला सामान लावायला मदत करत होत्या. रिफात बे मागच्या सीटवर बसलेले, इस्त्रीचा पांढरा शर्ट, हात मांडीवर. मी खिडकीपाशी गेलो. त्यांनी माझ्याकडे अनोळखी माणसाकडे बघावं तसं सभ्यपणे बघितलं.

मी वाकलो. कानाशी तोंड नेलं आणि जे तेव्हा सांगायचं होतं ते आता कुजबुजलो. "जेवून जा."

आधी काहीच झालं नाही. मग त्यांची पाठ सीटवरून सुटली. मान सरळ झाली. डावा हात जरासा हलला, उजवा मांडीवर मेल्यासारखा पडून राहिला. ते माझ्याकडे बघत होते, पण बोलत नव्हते. टॅक्सीवाल्याने डिकी बंद केली. एलिफ पुढे बसली, पट्टा लावला. ते थांबले होते. मी नकळत मनात पावलं मोजायला लागलो. सहा. सात. आठ.

"जेवून जा," ते म्हणाले. स्वच्छ, आपल्या घरातला म्हातारा म्हणेल तसं.

टॅक्सी निघाली. रेवा हात हलवत गेटपर्यंत धावली. मी तिथेच उभा होतो, आणि तेव्हाही मला त्यांचा हेवा वाटत होता. त्यांना माझं नाव आठवत नव्हतं, पण आठवं पाऊल होईपर्यंत ते थांबले होते. यंदा मी पुस्तक घेऊन विंगेत बसणार आहे. ज्याचं वाक्य जाईल त्याला ते वेळेवर देणार आहे. पण एवढं थांबणं मला कधीच जमणार नाही.